फट्याची सरळ चाल

जो माणूस जगाला हसवतो तो घरी बायकोलाही हसवत असणार, असं लोकांना उगाच वाटतं. बेकरीवाल्याच्या घराच्या भिंती पावाच्या असतात असं समजण्यातलाच हा प्रकार. आपटबारकडे पाहिलं असतं तर कुणाचाही हा गैरसमज दूर झाला असता. चेहरा असा, की जिन्यात भेटणारा शेजारी आवाज खाली आणून विचारायचा, "काय हो, कोणाचं काही झालं का?"

आपटबार कार्टूनच्या स्टुडिओत पडणं काढायचा. पात्रं जिथे घसरतात, आपटतात, भिंतीवर आदळून भाकरीसारखी चपटी होतात, तेवढा भाग त्याचा. गाणी, ढग, डोळ्यांची उघडझाप हे सगळं इतरांनी काढायचं. कुणी पडायचं झालं की कागद याच्या टेबलावर. म्हणून मालकाने गमतीत नाव ठेवलं आपटबार, आणि ते असं चिकटलं की खोलीच्या दारावरच्या पाटीवरही तेच आलं. खरं नाव बायकोला ठाऊक होतं, पण ती ते घ्यायची नाही, 'अहो' म्हणायची.

स्टुडिओ म्हणजे सुतारकामाच्या कारखान्यावरचे दोन मजले. खालून दिवसभर करवतीचा आवाज. वर उतरत्या टेबलांच्या रांगा, प्रत्येक टेबलाच्या मध्ये काच आणि काचेखाली दिवा. कागदांना भोकं पाडलेली, ती खुंट्यांवर बसवायची, म्हणजे एका चित्रावर दुसरं ठेवून खालचं दिसत राहतं आणि पुढची हालचाल काढता येते. चार-पाच कागद बोटांत अडकवून भराभर उलटले की चित्र हलतं. आपटबारच्या डाव्या हाताला ही सवय इतकी लागली होती, की जेवताना भाकरीचे तुकडेही तो बोटांच्या बेचक्यात धरायचा. बायको म्हणायची, "उलटू नका, हलणार नाहीत ते."

पडण्याबद्दल त्याची मतं पक्की होती. कुणी पडलं म्हणून लोक हसत नाहीत, असं तो म्हणे. पाय अधांतरी गेलाय आणि आता काही खरं नाही, हे पडणाऱ्याला कळतं, तो चेहरा बघून हसतात. म्हणून तो चेहरा जरा जास्त वेळ टिकवायचा. आणि दुसरं, पडलेला उठलाच पाहिजे. चपटा झालेला असो, घडी घातलेला असो, त्याने उठून अंग झटकून चालायला लागलंच पाहिजे. यावरून मालकाचं आणि त्याचं दर चित्रपटाला वाजायचं.

"अरे, उठण्यात काय मजा? तेवढे कागद वाचव," मालक म्हणायचा.

"उठला नाही तर तो विनोद नाही राहत. अपघात होतो."

"लोकांना कुठे कळतं?"

"लोकांना तेवढंच कळतं," आपटबार म्हणायचा, आणि उठण्याची चित्रं काढायचा.

आता बगळ्याबद्दल. मालकाने मोठ्या हौसेने एक नवीन पात्र काढलं होतं, हॉटेलातला वेटर बगळा. लांब पाय, काळा कोट, हातात ट्रे. कल्पना वाईट नव्हती, पण बगळा चालेना. दोन छोट्या फिल्म पडल्या. मालक म्हणाला, "लोक बगळ्याकडे एकदा बघतात आणि मग घरी जायला टोपी शोधायला लागतात. त्याला चाल दे. माणूस चालीवरून ओळखला जातो. चाल मिळाली तर बगळा राहील, नाहीतर तो गेला आणि त्याच्यामागून आपणही गेलो."

झालं. आपटबार चालीच्या शोधात निघाला. स्टेशनबाहेर बसून त्याने हमाल पाहिले, गुत्त्याबाहेर उभं राहून दारुडे पाहिले, तळ्यावर जाऊन खरे बगळे पाहिले. ते तर तासन्‌तास हललेच नाहीत. एका जाड्या पोलिसाच्या मागे तो इतका वेळ चालला की पोलिसानेच वळून त्याची चौकशी केली. काखेत कळसा नि गावाला वळसा म्हणतात ते हेच. फरक एवढाच, की हा कळसा सापडला नसता तर बरं झालं असतं.

एका संध्याकाळी तो घरी कागद पसरून बसला होता. स्वयंपाकघरातून बायको चहा घेऊन आली. दाराच्या पट्टीला तिचा डावा पाय अडकला. ट्रे पुढे, ती मागे, मग ती पुढे, ट्रे वर. तोल सावरायला तिने डावा पाय उंच उचलला आणि पाऊल जमिनीवर आपटलं. फट्. कप नाचले, पण सांडला नाही थेंब. ती तशीच उभी राहिली, ट्रे डोक्याच्या उंचीला, चेहऱ्यावर तोच भाव, की आता काही खरं नाही.

आणि आपटबार हसला. गालात वगैरे नव्हे, पोट धरून हसला. त्यांची लेक आतून धावत आली. ती स्टुडिओतच शाईच्या विभागात कामाला होती, पारदर्शक तावांवर बापाच्या रेघा गिरवायची. बापाला हसताना तिने जन्मात पाहिलं नव्हतं, त्यामुळे तिला वाटलं त्याला काहीतरी होतंय.

"अगंबाई, तुम्ही हसलात!" बायको म्हणाली. लग्नाला बावीस वर्षं झाली होती.

दुसऱ्या कुठल्याही घरात बायको अडखळली की नवरा विचारतो, लागलं का गं? या घरात नवऱ्याने विचारलं, "परत करशील?"

तिने परत केलं. का नाही करणार? इतकी वर्षं नवरा कागदांत डोकं घालून बसलेला, आणि आज तो तिच्याकडे डोळे फाडून बघत होता. लग्नात बघितलं नव्हतं तसं.

पुढचे आठवडे त्या घरात जे सुख नांदलं, तसं आधी कधी नांदलं नव्हतं, आणि हे लिहिताना माझाच हात जड होतो. रोज कामावरून आला की तो जेवणाच्या टेबलाशी बसायचा, ती ट्रेवर पत्र्याचे मग ठेवायची आणि स्वयंपाकघरापासून खिडकीपर्यंत बगळा होऊन चालायची. "पाय जरा वर. आणखी. आता सोड." फट्! लेक हसून हसून भाजी चिरायची थांबायची. बायको मान वाकडी करायची, नसलेल्या गिऱ्हाइकांना वाकून नमस्कार करायची, मधूनच नवऱ्याच्या डोक्यावर मग ठेवायची. तिच्यात एवढी नटी दडली होती हे कुणालाच माहीत नव्हतं, तिला स्वतःलाही नाही.

आणि चाल दिवसेंदिवस जमत गेली. सुरुवातीला तिला आठवण करून द्यावी लागायची, डावा पाय, डावा. नंतर सांगावं लागेना. पाऊल आपोआप लोंबायचं, बोटं खाली वळायची, मग गुडघा उंच, मग फट्. "काय सरावलीस गं!" तो म्हणायचा. तीही म्हणायची, "आता झोपेतसुद्धा येईल मला." तिने हे बोलून दाखवलं आणि दोघंही हसली.

चित्रं होत आली तेव्हा त्याला एक गोष्ट हवी होती. बगळा आधी नीट चालतो आणि मग त्याचा पाय फटकन पडतो, असं दाखवलं तर फरक उठून दिसेल. तो म्हणाला, "आज बगळा नको. आज नुसती चाल. तू रोज चालतेस तशी."

"त्यात काय," ती म्हणाली आणि निघाली. फट्.

"अगं, सरळ."

"हो हो, सवय झालीये मेली. थांबा." ती परत स्वयंपाकघराच्या दाराशी गेली, ट्रे खाली ठेवला, साडीचा पदर खोचला, श्वास घेतला. फट्.

लेक हसली. बाप हसला नाही. त्याचा हात कागदावर तसाच राहिला. बायको वळली, परत निघाली, आता खाली पायाकडे बघत, एखाद्या हट्टी पोराकडे बघावं तसं. फट्. फट्. ती खिडकीशी पोचली, चौकट धरली आणि म्हणाली, "अहो, हा ऐकतच नाहीये."

नक्कल कुठे संपली आणि खरं कुठे सुरू झालं, हे त्या घरात कुणालाच कळलं नव्हतं. मुळात पहिल्या दिवशी ती दारात अडखळली, ती तरी नुसतीच अडखळली होती का?

डॉक्टर वयस्कर होता, शांत होता. त्याने गुडघ्यावर हातोडी मारली, तळव्याला टाचणी टोचली, तिला टाचांवर उभं राहायला सांगितलं. ते तिला जमलं नाही. दंडाची कातडी त्याने बराच वेळ निरखली. तिथे कातडीखाली बारीक बारीक काहीतरी हलत होतं, आपटबारला ते दिसलं. इतके दिवस तिच्याकडे रोखून बघत होता, तरी त्याला ते आज दिसलं.

"पाय असा पडायला कधीपासून लागला?"

नवरा-बायकोने एकमेकांकडे पाहिलं.

"आधी मी मुद्दाम पाडत होते," ती म्हणाली.

डॉक्टरचं लिहिणं थांबलं. "मुद्दाम?"

मग तिने सगळं सांगितलं, बगळा, ट्रे, मग, सगळं. सांगताना तिला हसू येत होतं. डॉक्टर हसला नाही. त्याने आपटबारला बाहेरच्या खोलीत नेलं आणि सांगितलं, की नसा मरत चालल्या आहेत. आधी पाय, मग हात, मग जीभ, मग घास गिळणं. डोकं शेवटपर्यंत शाबूत राहील. यावर औषध नाही.

"आधी आणलं असतं तर?"

"तर हेच मी तुम्हाला आधी सांगितलं असतं," डॉक्टर म्हणाला. त्याला धीर द्यायचा होता. आपटबारला त्याने काही धीर आला नाही. आपण रोज संध्याकाळी बसून बायकोचं मरण उतरवून घेत होतो, आणि वर तिला शाबासकी देत होतो, एवढंच त्याच्या डोक्यात फिरत राहिलं.

फिल्म लागली. स्टुडिओतला आवाजवाला म्हणजे एक जाडजूड, भला माणूस. कपाटभर डबे, शिट्ट्या, फुगे घेऊन बसलेला असायचा, आणि चित्रात दार वाजलं की इकडे दार वाजवायचा. बगळ्याच्या पावलासाठी त्याने ओल्या चामड्याचा तळवा फळीवर आपटून पाहिला, आणि असा काही फट् निघाला की मालकाने त्याला मिठी मारली. त्या पावलाने बगळ्याचं नशीब काढलं. लोक खुर्च्यांवरून घसरले. बगळ्याचं नाव प्रेक्षकांनीच ठेवलं, फट्या. महिन्याभरात रस्त्यातली पोरं एक पाय उंच करून चालायला लागली. शाळा सुटली की फटफट असा आवाज करत सगळी गल्ली घरी जायची.

आपटबार खिडकी लावून घ्यायचा. बायको ती उघडायची.

एक दिवस ती काठी घेऊन पाव आणायला गेली. परत आली ती घामाघूम, पण डोळे चमकत होते. खुर्चीवर बसता बसता म्हणाली, "आज मला टाळ्या पडल्या."

"कसल्या टाळ्या?"

"पोरं मागे लागली. फट्या, फट्या! म्हणे, मावशी, तुम्हाला किती छान जमतं, परत करा ना. मग केलं मी. कोपऱ्यापर्यंत करत आले." ती दम खात हसली. "फट्या माझ्यावरूनच काढलाय हे सांगितलं नाही हं. उगीच भाव खाल्ल्यासारखं दिसतं."

आपटबार उठून आतल्या खोलीत गेला आणि भिंतीकडे तोंड करून उभा राहिला. त्याला रडताही येईना. जिचं चित्र होतं ती मिरवत होती, आणि ज्याने काढलं त्याला तोंड दाखवायला जागा उरली नव्हती.

दुसऱ्या दिवशी तो मालकाकडे गेला. म्हणाला, चाल बदलू या. मालकाला सगळं माहीत होतं. दुष्ट माणूस नव्हता तो. त्याने खिडकीतून खाली बोट दाखवलं, शाईच्या मुली, रंगाच्या मुली डबे घेऊन जेवायला बसल्या होत्या. "या सगळ्या त्या एका पायावर उभ्या आहेत. तुझी लेकसुद्धा. काय करू, तूच सांग." आपटबार परत टेबलाशी बसला. फट्या जिन्यावरून पडला, फट्या सूपच्या पातेल्यात पडला, फट्या लग्नाच्या केकमधून आरपार गेला. प्रत्येक वेळी तो उठला, अंग झटकलं आणि फटफट करत निघून गेला. घरी बायको स्नानघरात पडली ती उठली नाही. तिला दोघांनी उचललं.

काठी गेली, चाकांची खुर्ची आली. डावा हात गेला, मग उजवाही जायला लागला. लेक तिला भरवायची. जीभ जड झाली होती, पण अजून सगळ्यांना कळत होतं, तेव्हाची ही गोष्ट. एका रविवारी दुपारी लेक तिचे केस विंचरत होती आणि आपटबार समोर बसून पेन्सिलींना टोक करत होता.

"अहो," बायको सावकाश म्हणाली, "एकदा त्याला सरळ चालवा ना."

"कोणाला?"

"फट्याला. एकदाच. मी चालायचे तसं." तिला धाप लागली, थांबून तिने दम घेतला. "मला बघायचंय, मी कशी चालायचे ते. मला आठवतच नाही हो. आपली चाल आपल्याला कुठे दिसते?"

"एवढंच ना?" आपटबार म्हणाला. "देतो काढून."

त्याला खरंच वाटलं होतं, की एवढंच आहे.

सोमवारी तो टेबलाशी बसला, दिवा लावला, कोरा कागद खुंट्यांवर बसवला आणि पेन्सिल टेकवली. टाच टेकली, पाऊल पसरलं, गुडघा आला, आणि पेन्सिलने पाऊल खाली लोंबवलं. त्याने ते खोडलं. परत काढलं, परत लोंबलं. दुपारपर्यंत टेबलाखाली चुरगळलेल्या कागदांचा ढीग झाला. त्यातला प्रत्येक पाय फटकन पडत होता. हाताला तेवढंच येत होतं.

मग त्याने डोळे मिटून आठवायचा प्रयत्न केला. लग्नात ती चालत आली होती, नक्की आली होती, नाहीतर त्याच्या शेजारी कशी पोचली? लेक लहान असताना तिला कडेवर घेऊन ती या टोकापासून त्या टोकापर्यंत फेऱ्या घालायची. बाजारातून यायची, जिना चढायची, रोज चहा घेऊन यायची. बावीस वर्षं एक बाई त्याच्यासमोरून चालत होती. त्याला ट्रे आठवला, कप आठवला, कपातल्या चहाचा रंगसुद्धा आठवला. पाय आठवले नाहीत. पायांकडे त्याचं लक्ष गेलं ते ती अडखळली तेव्हा. कारण अडखळणाऱ्याला भाव होता, सरळ चालणाऱ्याला त्याच्या धंद्यात काही किंमत नव्हती.

जुने फोटो बाहेर काढून पाहिले. सगळ्या फोटोंत ती उभी होती नाहीतर बसलेली.

लेकीला म्हणाला, "जरा चालून दाखव." ती खोलीभर चालली. तो बघत राहिला आणि मग त्याने मान खाली घातली. "काय झालं, बाबा?" "काही नाही. तुझी चाल माझ्यावर गेलीये." सपाट तळवे, फेंगडे पाय, सगळी बापाची ठेव. एरवी हा घरातला विनोद होता.

शेवटी त्याने आवाजवाल्याला विचारलं. आवाजवाला त्यांच्याकडे वर्षानुवर्षं जेवायला यायचा. "वहिनींची चाल?" तो विचारात पडला. "भराभर चालायच्या बहुतेक. का सावकाश? खरं सांगू? त्या यायच्या तेव्हा आवाज यायचा नाही. एवढंच आठवतं बघ मला. मागे वळून बघावं तर चहा ठेवलेला."

बैल गेला आणि झोपा केला, दुसरं काय. पण वचन दिलं होतं, आणि तिकडे दिवस हातातून चालले होते. आता तिचं बोलणं फक्त लेकीला कळायचं. लेक तोंडाशी कान नेऊन ऐकायची आणि मोठ्याने सांगायची. आपटबार रोज घरी आला की बायको डोळ्यांनी विचारायची आणि तो म्हणायचा, "चाललंय काम." तोंडातून निघालेला शब्द त्याला नंतर बोचायचा.

मग एका सकाळी कामावर जाताना त्याला समोरून रस्ता ओलांडणारी एक बाई दिसली. हातात टोपली, मान ताठ, पावलं हलकी. कोण होती देव जाणे. तो तिच्याकडे बघत राहिला आणि त्याने स्वतःला सांगितलं, अशीच होती. हीच ती चाल. बुडत्याला काडीचा आधार. धावत जिना चढून त्याने विसरायच्या आत ती उतरवून काढली. पेन्सिल पहिल्यांदाच सरळ चालली. संध्याकाळपर्यंत त्याची खात्रीच पटली, की बायको अगदी अशीच चालायची. दुसऱ्या दिवशी खात्री जरा कमी झाली, पण तोवर चित्रं लेकीकडे गेली होती. लेकीने रेघा गिरवल्या.

मालकाने चित्रं उलटून पाहिली. "नुसता चालतो?"

"हो. शेवटी. ट्रे घेऊन या टोकापासून त्या टोकापर्यंत."

"आणि मग पडतो."

"पडत नाही."

मालकाने त्याच्याकडे पाहिलं, कागदांकडे पाहिलं. "घाल," तो म्हणाला. "एवढ्या वर्षांत तू माझ्याकडे फक्त उठणं मागितलंस. घाल हेही." आवाजवाल्याने त्या तुकड्यासाठी काहीच वाजवलं नाही. म्हणाला, वहिनींचा आवाज मला असाच माहीत आहे.

फिल्म लागली त्या आठवड्यात दुपारच्या खेळाला ते तिला घेऊन गेले. आवाजवाल्याने खुर्चीसकट तिला पायऱ्यांवरून उचललं. मधल्या वाटेच्या कडेला खुर्ची लावली, एका बाजूला लेक, दुसऱ्या बाजूला आपटबार. तिला त्याने काही सांगितलं नव्हतं. तिने स्वतः बघून ओळखावं, एवढी एकच आशा त्याला उरली होती.

थिएटर पोरांनी भरलेलं. फट्या पडद्यावर आला तोच टाळ्या. फट्या फिरत्या दारात अडकला, फट्याच्या ट्रेवर हत्ती बसला, फट्या तीन मजले खाली गेला आणि वाटेत प्रत्येक मजल्यावर गिऱ्हाइकाला सूप वाढत गेला. लोक हसून रडत होते. आपटबार पडद्याकडे बघत नव्हता. त्या निळसर उजेडात तो बायकोचा चेहरा बघत होता. तिचे डोळे हसत होते, बाकी चेहऱ्याला आता ते जमत नव्हतं.

मग फट्या उठला, कोट झटकला, ट्रे घेतला आणि चालायला लागला. सरळ. हलक्या पावलांनी, मान ताठ, या टेबलावरून त्या टेबलाकडे. काही आवाज नाही. थिएटर क्षणभर गप्प झालं.

मागच्या रांगेतून एक पोरगं फिसकन हसलं. मग दुसरं. आता पडणार, आता पडणार. माणूस नीट चालतोय म्हणजे पुढे खड्डा आहे, हे आपटबारनेच त्यांना इतकी वर्षं शिकवलं होतं. फट्या पडेना तसं हसू वाढत गेलं. कुणीतरी फट्याच्या डाव्या पावलाबरोबर जमिनीवर बूट आपटला, फट्! पुढच्या पावलाला दहा बूट. त्यापुढच्याला सगळं थिएटर. पडद्यावर तो बिचारा सरळ चालत होता आणि खाली शेकडो पाय त्याला फट् फट् पाडत होते. आवाजवाल्याने चेहरा हातांत झाकून घेतला.

बायको बघत होती. पापणीही न हलवता, मन लावून. फट्या पडद्याच्या टोकाला पोचला, वळला, वाकून नमस्कार केला. दिवे लागले.

तिचे ओठ हलले. लेकीने कान जवळ नेला. ऐकलं, आणि सरळ झाली.

"काय म्हणाली?" आपटबारने विचारलं.

"बाबा, जाऊ दे ना."

"सांग."

लेक ट्रे धरावा तसे दोन्ही हात पोटाशी धरून उभी होती. "आई म्हणते, चाल छान आहे. विचारतेय, कोणाची घेतलीत?"

तुझी, असं म्हणायला त्याने तोंड उघडलं. तिनेच मागितली होती ती चाल, तरी तिला ओळखू आली नव्हती. तुझी म्हटलं असतं तर तिने विश्वास ठेवला असता, आणि उरलेले दिवस एका परक्या बाईची चाल आपली म्हणून उराशी धरली असती. ज्याने तिचं खरं काही बघितलं नव्हतं त्याने तिला निदान खोटं तरी देऊ नये.

"रस्त्यातल्या एका बाईची," तो म्हणाला.

तिने त्याच्याकडे पाहिलं. मग तिचे ओठ पुन्हा हलले, लेक पुन्हा वाकली.

"म्हणते, नशीबवान आहे ती बाई."

पोरं फटफट करत शेजारून बाहेर पडत होती. आपटबार खाली वाकला, बायकोचा डावा पाय खुर्चीच्या फळीवरून घसरला होता तो दोन्ही हातांनी उचलून वर नीट ठेवला, आणि आवाजवाल्याने धरलेल्या दारातून खुर्ची बाहेर ढकलत निघाला.